ज्योत्स्नाबाई भोळे : रंगमंचावर उभा राहिलेला बाईचा आवाज



आजच्या गोष्टीची सुरुवात आपल्याच गटातून करू. मागे आम्ही एका गावात महिला बचत गटाच्या बैठकीत रेकॉर्डिंगला गेलो होतो. विषय कोंबडीपालनाचा होता. एक ताई फार छान बोलल्या. पिल्लं कशी जगवायची, थंडीत ऊब कशी द्यायची, बाजारात भाव पाडून मागितला तर काय उत्तर द्यायचं, सगळं त्यांनी अनुभवातून सांगितलं. रेकॉर्डिंग संपलं आणि त्या हळूच जवळ येऊन म्हणाल्या, "बाई, बोलली ते लावा. पण नाव नका सांगू. घरचे म्हणतीन, आता रेडिओवर बोलाले लागली."

आम्ही नाव काढलं. पण नागपूरला परत येताना गाडीत सगळ्या त्याच गोष्टीवर बोलत होतो. ज्या बाईला इतकं माहीत आहे, तिला आपलं नाव सांगायची भीती का वाटावी? बाईनं चार माणसांत आवाज काढला की तिच्या चालीबद्दल का बोललं जातं? ही भीती आजची नाही, तिला मोठा इतिहास आहे. म्हणून आज आपण एका बाईची गोष्ट ऐकणार आहोत. तिचं शिक्षण चौथीपर्यंत झालं होतं. तिनं रेडिओवर गाणं म्हटलं, नाटकात काम केलं, आणि ते आपल्या नावानं, उजळ माथ्यानं केलं. तिचं नाव ज्योत्स्ना भोळे.

आधी तेव्हाचा काळ कसा होता ते पाहू.

मराठी नाटकाची सुरुवात आपण १८४३ सालापासून मोजतो. त्या वर्षी सांगलीला विष्णुदास भाव्यांनी सीतास्वयंवराचं नाटक केलं. पुढे १८८० साली पुण्यात अण्णासाहेब किर्लोस्करांचं 'शाकुंतल' आलं आणि संगीत नाटकाचं युग सुरू झालं. या नाटकांत सीता होती, शकुंतला होती, सुभद्रा होती, रुक्मिणी होती. बाईशिवाय नाटक चालतच नव्हतं. पण रंगमंचावर बाई नव्हती. तिची कामं पुरुष करायचे. भाऊराव कोल्हटकर करायचे, पुढे बालगंधर्व करायचे. बालगंधर्वांचं गाणं आणि दिसणं असं होतं, की चांगल्या घरच्या बाया त्यांच्यासारखं लुगडं नेसायला आणि केसांत फुलं माळायला शिकल्या. पाहा कशी गंमत आहे! बाईनं कसं दिसावं, कसं चालावं, हे बायांना पुरुषाकडे पाहून शिकावं लागलं.

आपल्या भागातही काही वेगळं नव्हतं. झाडीपट्टीत, म्हणजे भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोलीकडे, दंडारीत बाईचं सोंग पुरुषच घ्यायचे. घरातली बाई मंडईत जायची, बसून पाहायची. पण मंचावर जाणं तिच्यासाठी नव्हतं.

सिनेमातही तेच. दादासाहेब फाळक्यांनी १९१३ साली 'राजा हरिश्चंद्र' काढला. तारामतीच्या कामासाठी बाई मिळेना. शेवटी अण्णा साळुंके नावाच्या, हॉटेलात काम करणाऱ्या माणसानं तारामती केली. त्याच वर्षी फाळक्यांच्या 'मोहिनी भस्मासुर'मध्ये मात्र दोन बाया उभ्या राहिल्या. दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई. आई पार्वती झाली, मुलगी मोहिनी झाली. हीच मुलगी पुढे कमलाबाई गोखले म्हणून नावाजली.

तेव्हा बाया गातच नव्हत्या असं नाही. गोव्यातून केसरबाई केरकर आल्या, मोगूबाई कुर्डीकर आल्या. मोठमोठे उस्ताद त्यांचं गाणं वाखाणत. काही ठिकाणी तर सगळ्या बायांच्याच नाटक मंडळ्या होत्या, तिथे पुरुषांची कामंही बाया करायच्या. पण समाजानं बायांचे दोन कप्पे करून ठेवले होते. एक गाणारी बाई आणि एक घरची बाई. गाणारीला टाळ्या मिळायच्या, मान मिळायचा नाही. घरच्या बाईला मान मिळायचा, पण तिनं तोंड उघडायचं नाही. आपल्या त्या कोंबडीपालनवाल्या ताईंच्या मनातली भीती याच दोन कप्प्यांमधून आलेली आहे.

आता ज्योत्स्नाबाईंकडे येऊ.

त्यांचा जन्म ११ मे १९१४ चा. गाव गोव्यातलं बांदिवडे. माहेरचं नाव दुर्गा केळेकर. त्यांची थोरली बहीण गिरिजाबाई केळेकर नावाजलेली गायिका होती. दुर्गा लहानपणीच मुंबईला आली. शाळा चौथीपर्यंत झाली आणि सुटली. पण शिकणं सुटलं नाही. गाण्याची तालीम सुरू झाली. रोज तोच तोच सूर घोटायचा, तीच तान शंभर वेळा म्हणायची, हीच तिची पुढची शाळा झाली.

त्याच सुमाराला मुंबईत एक नवी गोष्ट आली होती. तिचं नाव रेडिओ. २३ जुलै १९२७ ला मुंबईत रेडिओ केंद्र सुरू झालं. ऑल इंडिया रेडिओ हे नाव अजून पडायचं होतं, ते १९३६ साली पडलं. या मुंबईच्या रेडिओवर दुर्गा केळेकर ही मुलगी गाऊ लागली.

रेडिओ आल्यानं बायांच्या आवाजाचं काय झालं, हे थोडं समजून घेऊ. जुन्या नाटकघरात लाऊडस्पीकर नव्हता. शेवटच्या रांगेतल्या माणसापर्यंत आवाज पोचवायचा तर उंच पट्टीत, जोर लावून गावं लागे. शब्द हरवला तरी चालेल, सूर पोचला पाहिजे. माईक आला आणि ही अडचण गेली. आपण पाळण्याशी गातो, जात्यावर गातो, तसा जवळचा, हळुवार आवाजही आता दूरवर जाऊ लागला. शब्द नीट ऐकू येऊ लागला. शब्दाचा अर्थ सांभाळून म्हटलेलं गाणं लोकांना आवडू लागलं. त्यालाच पुढे भावगीत म्हणू लागले. ज्योत्स्नाबाई या भावगीताच्या पहिल्या पिढीतल्या.

आणखी एक गोष्ट झाली. रेडिओवर बाई दिसत नव्हती, फक्त ऐकू येत होती. तिनं काय नेसलं, कुणाकडे पाहिलं, यावर बोलायला जागाच उरली नाही. आवाज थेट घरात शिरला. माजघरातली बाईही तो ऐकू शकत होती. ज्या घरातून गाणं ऐकायला बाईला बाहेर पाठवत नसत, त्या घरात गाणं आपणच चालत आलं.

१९३२ साली दुर्गाचं लग्न केशवराव भोळ्यांशी झालं आणि ती ज्योत्स्ना केशव भोळे झाली. केशवराव आपल्या विदर्भातले. त्यांचा जन्म १८९६ सालचा, अमरावतीचा. डॉक्टर व्हायला मुंबईला गेले आणि गाण्यात रमले. पुढे त्यांनी प्रभात कंपनीच्या 'संत तुकाराम' आणि 'कुंकू' या सिनेमांना संगीत दिलं. गाण्यावर त्यांनी लिहिलंही पुष्कळ. शब्दाला धरून चाल बांधावी, असा त्यांचा आग्रह होता. वयानं ते बायकोपेक्षा १८ वर्षांनी मोठे. त्या काळचा असा नवरा म्हणाला असता, आता गाणं पुरे, घर सांभाळ. केशवरावांनी उलट केलं. त्यांनी बायकोला गाणं शिकवलं आणि नाटकात उभं केलं.

ते नाटक होतं 'आंधळ्यांची शाळा'. १ जुलै १९३३ ला मुंबईच्या रिपन थिएटरमध्ये त्याचा पहिला प्रयोग झाला. तेव्हा बोलपट नुकते आले होते. लोक सिनेमाकडे वळले होते आणि जुन्या नाटक कंपन्या एकामागून एक बसत होत्या. अशा वेळी काही शिकलेल्या तरुणांनी नाट्यमन्वंतर नावाची संस्था काढली. त्यात केशवराव होते, श्री. वि. वर्तक होते, के. नारायण काळे होते, पार्श्वनाथ आळतेकर होते, अनंत काणेकर होते. त्यांनी ठरवलं की नाटक नव्या तऱ्हेनं करायचं. रात्र रात्र चालणारं नाटक नको. पडद्यावर रंगवलेले महाल नकोत, खरी वाटेल अशी खोली मंचावर उभी करायची. गाणी थोडी ठेवायची. आणि बाईचं काम बाईनंच करायचं. म्हणून या नाटकात ज्योत्स्नाबाई उभ्या राहिल्या, आणि पद्माबाई वर्तकही उभ्या राहिल्या. दोघीही घरच्या बाया. संसार करणाऱ्या, नवऱ्याच्या आडनावानं ओळखल्या जाणाऱ्या. समाजानं केलेले ते दोन कप्पे त्या दिवशी एका मंचावर मोडले.

या नाटकाचा विषयही ऐका. मूळ नाटक नॉर्वे देशातल्या ब्यर्नसन नावाच्या लेखकाचं. वर्तकांनी ते मराठीत आणलं. मूळ नाटकातल्या मुलीचं लग्न ठरलेलं असतं. तिला कळतं की होणाऱ्या नवऱ्याचे आधी दुसरीकडे संबंध होते. सगळे तिला समजावतात, पुरुषाचं असं असायचंच. ती विचारते, मग बाईनं मात्र निर्मळ असावं असं का? दोघांना एकच नियम का नाही? आणि ती हातातला मोजा त्याच्या तोंडावर फेकते.

९० वर्षांपूर्वी हा प्रश्न मराठी रंगमंचावर विचारला गेला. पुरुषानं लुगडं नेसून तो विचारला असता, तर लोकांनी नाटक म्हणून ऐकून सोडून दिला असता. पण इथे १९ वर्षांची एक मुलगी, लग्न झालेली, स्वतःच्या आवाजात तोच प्रश्न मांडणाऱ्या नाटकात उभी होती. बिंबा हे तिच्या भूमिकेचं नाव. त्यातली तिची गाणी लोकांच्या तोंडी बसली. नाट्यमन्वंतर ही संस्था फार वर्षं टिकली नाही. पण एकदा बाई मंचावर आली, ती परत गेली नाही.

पुढची मोठी गोष्ट १९४२ सालची. मो. ग. रांगणेकरांनी नाट्यनिकेतन नावाची संस्था काढली होती. त्यांचं 'कुलवधू' हे नाटक त्या वर्षी आलं. संगीत मास्टर कृष्णरावांचं. ज्योत्स्नाबाई भानुमती झाल्या. वय २८ वर्षांचं. हे नाटक इतकं गाजलं की ज्योत्स्नाबाई म्हटलं की 'कुलवधू' आणि 'कुलवधू' म्हटलं की ज्योत्स्नाबाई, असं समीकरणच होऊन गेलं.

या भानुमतीची गोष्ट आपल्या गटांनी नीट ऐकावी अशी आहे. ती नटी असते. तिला नाव मिळतं, पैसा मिळतो. नवऱ्यापेक्षा जास्त मिळतो. आणि मग घरात खटके उडायला लागतात. बायकोच्या नावावर आपण ओळखले जातो, हे त्याला सोसत नाही. भानुमती घर सोडते. शेवटी ती सासरच्या घरी जाते आणि तिथे घरची सून म्हणून आपली जागा मिळवते. म्हणून नाटकाचं नाव 'कुलवधू'.

आमच्यात या शेवटावरून बराच वाद झाला. एक जण म्हणाली, एवढी कमावती बाई, शेवटी तिला चांगलं ठरवायला सासरचंच प्रमाणपत्र लागलं ना? दुसरी म्हणाली, १९४२ साल पाहा. नटीला कुणी घरात घ्यायला तयार नव्हतं तेव्हा हे नाटक सांगतं की नटी हीसुद्धा घरची सून आहे, तिला मान द्या. हे काही कमी नाही. आम्हाला दोन्ही बाजू खऱ्या वाटल्या. पण एका गोष्टीवर सगळ्यांचं एकमत झालं. आज गटातून कर्ज काढून दुकान टाकलं, शिलाई मशीन घेतलं, चार पैसे नवऱ्यापेक्षा जास्त आले, की घरात काय होतं ते आपल्याला ठाऊक आहे. काही घरांत कौतुक होतं. काही घरांत जेवताना टोमणे बसतात. भानुमतीचं घर अजून पुष्कळ गावांत आहे.

ज्योत्स्नाबाईंनी पुढेही नाटकं केली. रांगणेकरांचं 'एक होता म्हातारा' केलं, मामा वरेरकरांचं 'भूमिकन्या सीता' केलं. रेडिओवर गात राहिल्या, त्यांच्या गाण्याच्या तबकड्या निघाल्या, मैफली झाल्या. संसार होता, मुलं होती, तेही केलं. आणि चौथीपर्यंत शाळा शिकलेल्या या बाईनं स्वतः 'आराधना' हे नाटक लिहिलं. इतकी वर्षं दुसऱ्यांनी लिहिलेलं बोलली, मग आपलंही लिहिलं. १९७६ साली त्यांना संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला. म्हातारपणी त्यांनी आपल्या आठवणींचं पुस्तक केलं, त्याचं नाव 'तुमची ज्योत्स्ना भोळे'. ५ ऑगस्ट २००१ ला त्या गेल्या. पुण्यात हिराबागेजवळ एक सभागृह आहे, त्याला ज्योत्स्ना भोळे यांचं नाव दिलेलं आहे. ज्या काळात बाईनं मंचावर पाऊल ठेवायचं नाही असं होतं, त्या काळातल्या बाईच्या नावानं आज रंगमंच आहे.

मैत्रिणींनो, ही गोष्ट सांगताना एक गोष्ट लपवायची नाही. ज्योत्स्नाबाईंना साथ मिळाली. बहीण गाणारी होती, नवरा गाणं जाणणारा होता, भोवतीची मंडळी नव्या विचारांची होती. प्रत्येकीला अशी साथ मिळत नाही. गळा चांगला असूनही जात्यापलीकडे ज्यांचं गाणं गेलं नाही, अशा कितीतरी जणी आपल्याच घराण्यात होऊन गेल्या. त्यांची नावं आपल्याला माहीत नाहीत. म्हणून साथ देणं हेही एक काम आहे. ज्योत्स्नाबाई होणं सगळ्यांना जमेल असं नाही, पण एकमेकींच्या गिरिजाबाई होणं आपल्या हातात आहे.

आता आपल्या रेडिओकडे येऊ. नागपूरचं आकाशवाणी केंद्र १६ जुलै १९४८ ला सुरू झालं. पुढे गावोगाव ट्रान्झिस्टर आले आणि शेतात, अंगणात रेडिओ वाजू लागला. पण तो आपण ऐकायचो. बोलणारे दुसरेच असत. १९९५ साली सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की हवेतल्या लहरी या सगळ्या जनतेच्या मालकीच्या आहेत. २००६ साली सरकारनं सामाजिक संस्थांनाही सामुदायिक रेडिओ चालवायची परवानगी दिली. २००८ साली तेव्हाच्या आंध्र प्रदेशातल्या माचनूर गावात दलित शेतकरी बायांनी स्वतःचं रेडिओ केंद्र सुरू केलं, त्याचं नाव संघम रेडिओ. आपल्या महाराष्ट्रात साताऱ्याच्या दुष्काळी माण तालुक्यात, म्हसवडला, माणदेशी तरंग वाहिनी आहे. शेतात काम करणारी बाई माईकपुढे बसते आणि तिच्यासारखीच दुसरी बाई चुलीजवळ ऐकते. ज्योत्स्नाबाईंच्या वेळी आवाज मुंबईहून निघायचा. आता तो आपल्या गावातून निघू शकतो.

आणि आपल्या झाडीपट्टीत काय झालं तेही सांगू. आज दिवाळीनंतर धान निघालं, मंडया भरल्या, की वडशाच्या नाटक मंडळ्या गावोगाव फिरतात. त्या नाटकांत बायांची कामं बायाच करतात. थंडीच्या रात्रीत प्रवास करतात, पहाटेपर्यंत उभ्या राहतात, हातात आपल्या कष्टाची कमाई घेतात. त्यांच्याकडे अजूनही काही लोक वाकड्या नजरेनं पाहतात. नाटक पाहून टाळ्या वाजवायच्या आणि सकाळी त्याच बाईबद्दल वाईट बोलायचं, हे जुनेच दोन कप्पे. पुढच्या वेळी मंडईत नाटक पाहिलं, की त्या ताईला भेटून तुमचं काम आवडलं एवढं तरी सांगा.

येत्या बैठकीत हिशेब झाल्यावर थोडा वेळ काढा आणि तीन गोष्टींवर बोला. पहिली, आपल्या घरातली कोणती बाई चांगली गायची किंवा बोलायची? तिचं नाव काय होतं? ते नाव वहीत लिहून ठेवा. दुसरी, कमावत्या सुनेला आपल्या घरात कसं वागवलं जातं? सासू म्हणून आपण काय करतो, तेही खरं सांगा. तिसरी, ग्रामसभेत बोलताना आपलं नाव मोठ्यानं सांगता येतं का? येत नसेल तर कशामुळे?

त्या कोंबडीपालनवाल्या ताईंना आम्ही पुन्हा भेटलो. बिननावाचा कार्यक्रम लागला तेव्हा आजूबाजूच्या गावातल्या बायांनी विचारलं होतं, ही कोण बोलत होती, तिच्याकडून पिल्लं घ्यायची आहेत. नावच नव्हतं, तर पत्ता कुणाला सांगणार? हे ऐकून ताई हसल्या. मग थोडा विचार करून म्हणाल्या, "पुढच्या टायमाले नाव सांगजा. पण आंधी माझ्या सासूले ऐकवा."

आम्ही सासूबाईंना ऐकवणार आहोत. रेकॉर्डर घेऊन लवकरच जातो आहोत.